सगळे तुरोन मिळणार नाहीत

फिलिपिन्समध्ये, मनिलाला लागून असलेल्या मांडालुयोंग शहरात आम्ही राहत होतो त्या इमारतीच्या मागच्या गल्लीत, जीपनी, म्हणजे तिकडच्या लांबट प्रवासी जीपगाड्या, वळतात त्या कोपऱ्यावर, एक बाई रोज दुपारी तीनच्या सुमारास तुरोन, म्हणजे केळे भरून साखरेसकट तळलेल्या सुरळ्या, विकायला बसत असे. बांबूच्या पट्ट्यांनी विणलेल्या गोल, उथळ पाटीला तिकडे बिलाओ म्हणतात. तिच्या बिलाओत केळीचे पान अंथरलेले असे आणि त्यावर तांबूस, चकचकीत तुरोन थरांनी रचलेले असत. वयाने ती माझ्याहून मोठी असावी, म्हणून तिकडच्या रिवाजाप्रमाणे मी तिला ‘आते’, म्हणजे ताई, म्हणत असे. ती मला ‘मॅम’ म्हणे. एके दिवशी नवऱ्याच्या ऑफिसातली मंडळी अचानक घरी यायची ठरली. मी खाली उतरले आणि पाटीत होते तेवढे सगळे तुरोन बांधून द्यायला सांगितले. तिने चिमट्याने मोजून सहा उचलले, खाकी कागदी पिशवीत घातले आणि पाटीवरचे प्लॅस्टिक पुन्हा नीट ओढून घेतले. ‘‘सगळे नाही मिळणार, मॅम. अजून चार वाजायचेत,’’ ती म्हणाली. सुटे पैसे परत देऊ नकोस, वर आणखी देते, असेही मी सुचवून पाहिले. तिने हसत हसत नाणी माझ्या तळहातावर मोजून ठेवली आणि माझ्यामागे उभ्या असलेल्या मुलाकडे वळली. पाहुण्यांपुढे सहा तुरोन अर्धे अर्धे कापून, बिस्किटांची जोड देऊन, मी वेळ निभावली. तो नकार मात्र पुढे कित्येक दिवस माझ्या डोक्यात घोळत राहिला.

विकायलाच बसलेल्या माणसाने रोख पैसे समोर असताना विकायचे नाकारावे, हे माझ्या हिशेबात बसत नव्हते. माल तासभर आधी संपला असता तर तिला त्या दमट उकाड्यातून लवकर घरी जाता आले असते. चारच्या आसपास तिच्याकडे येणारी माणसे ठरलेली होती, हे मी गॅलरीतून रोज पाहत होते. फेरी संपवून आलेले जीपनीचे चालक, समोरच्या बांधकामावरचे मजूर, शाळा सुटलेली मुले, कॉल सेंटरच्या रात्रपाळीसाठी निघालेली आणि अजून झोपेतून पुरती जागी न झालेली तरुण मंडळी. अशा नेहमीच्या गिऱ्हाइकाला तिकडे सुकी म्हणतात आणि गिऱ्हाईकही विकणाऱ्याला सुकीच म्हणते. दोन्ही बाजूंनी एकच नाते असते. कुणाला कडेचा, जास्त साखर धरलेला तुरोन आवडतो, कोण शनिवारी पैसे देतो, हे सगळे तिला पाठ होते. त्या माणसांचे तुरोन मला विकण्याचा तिला अधिकार नव्हता, असे तिला वाटत असावे.

दुसरेही एक कारण होते, आणि ते मला जरा जवळून लागत होते. फिलिपिन्समध्ये भारतीय माणसाला सरसकट ‘बुम्बाय’ म्हणतात, आणि बुम्बाय म्हटले की लोकांच्या डोळ्यांसमोर मोटरसायकलवरून दारोदार हप्ते गोळा करणारा सावकार उभा राहतो. या सावकारीला ‘फाइव्ह-सिक्स’ म्हणतात, कारण पाच घ्यायचे आणि सहा फेडायचे, असा तिचा सरळ हिशेब असतो. धंदा करणारे बहुतेक पंजाबी. तारण नाही, कागद नाही; बँक ज्यांना दारात उभे करत नाही अशा भाजीवाल्या, मासळीवाल्या आणि तुरोनवाल्या बायकांना उद्याच्या मालासाठी आज पैसे देणारा दुसरा कुणी नसतो. 2017 च्या जानेवारीत अध्यक्ष दुतेर्ते यांनी या सावकारांना अटक करून देशाबाहेर घालवण्याची भाषा केली आणि सरकारने लहान विक्रेत्यांसाठी स्वस्त कर्जाची योजनाही काढली, तरी आमच्या गल्लीतली मोटरसायकल त्यानंतरही रोज साडेचारच्या सुमारास येतच होती. मी वसईची, म्हणजे खरोखरच मुंबईच्या शेजारची, असे पहिल्यांदा सांगितले तेव्हा आतेने डोळे मिचकावून ‘‘फाइव्ह-सिक्स?’’ असे विचारले होते. तिला हप्ता देण्यासाठी साडेचारपर्यंत थांबावेच लागे; त्यामुळे माल लवकर संपण्याचे तिला अप्रूप नव्हते. तिचा नकार निव्वळ गिऱ्हाइकांवरच्या मायेतून आला होता, असे मी म्हणूनच कुणाला सांगत नाही. माया होती आणि हप्ताही होता.

तुरोन म्हणजे काय, हे चार शब्दांत सांगता येते. लांबट चिरलेल्या केळ्याला तांबडी साखर लावायची, सोबत फणसाच्या गऱ्याची चिंधी ठेवायची, मैद्याच्या पातळ पापुद्र्यात त्याची सुरळी करायची आणि ती साखरेसकट तेलात तळायची. दुपारचे आणि रात्रीचे जेवण यांच्या मधल्या खाण्याला तिकडे मेरियेंदा म्हणतात, आणि त्या वेळेला तुरोन, काडीला टोचलेली बनाना क्यू, तळलेली रताळी असे काहीतरी गोड रस्त्यावर हजर असते. मला सुरुवातीला याचेच नवल वाटे. आमच्या घरी केळ्याचा गोड पदार्थ म्हणजे काहीतरी निमित्त असे. राजेळी केळी मधोमध चिरून, त्यांत ओले खोबरे, साखर आणि वेलची भरून, तुपावर हलक्या हाताने परतलेली भरली केळी पानात पडली की आज कोण येणार आहे, असे आम्ही मुले विचारत असू. तिकडे मात्र मंगळवारी दुपारी, कसलेही निमित्त नसताना, घामेजलेला चालक स्टिअरिंगवर एक हात ठेवून दुसऱ्या हाताने तळलेले, साखरेत घोळलेले केळे खात होता आणि त्यात त्याला काही विशेष वाटत नव्हते. मला त्याचा हेवा वाटला. गोडाला कारण लागते, ही शिस्त माझ्या अंगात इतकी मुरलेली होती की पहिले कित्येक महिने मी तुरोन घेताना एक जास्तीचा घेत असे, म्हणजे तो ‘मुलासाठी’ आहे असे स्वतःला सांगता येई.

मग 2020 चा मार्च आला.

17 तारखेपासून, मनिला ज्यावर आहे त्या संपूर्ण लुझोन बेटावर टाळेबंदी लागू झाली. जीपनी बंद झाल्या, घरटी एका माणसाला बाहेर पडण्याचा पास मिळाला आणि कोपरा रिकामा झाला. जीपनीचे चालक पुढे काही महिन्यांनी हातात पुठ्ठ्याच्या पाट्या घेऊन सिग्नलवर मदत मागताना दिसू लागले. आते मात्र कुठेच दिसेना. तिचे घर पासिग नदीच्या बाजूला कुठेतरी आहे, यापलीकडे तिच्याविषयी मला काही माहीत नव्हते. त्या दिवसांत सगळ्या जगाने घरात पाव भाजले आणि मी तुरोन करायला घेतले. गुरू मिळाल्या त्या समोरच्या दारातल्या आजी. त्यांना सगळा मजला ‘लोला’ म्हणत असे. त्या मूळच्या बातांगास प्रांतातल्या, वय पंच्याहत्तरच्या पुढे, आणि मधल्या बोळातल्या सहा फुटांपलीकडून, मास्क हनुवटीवर ओढून, त्या मला सूचना देत. माझा बेत ऐकून आधी त्या मनसोक्त हसल्या. त्यांच्या आयुष्यात त्यांच्या घरी तुरोन कधी झालाच नव्हता. ‘‘ज्याला विकत घेता येतो तो घरी कशाला करेल? आणि जो घरी करतो तो विकायलाच करतो,’’ त्या म्हणाल्या. त्यांची आई मात्र त्या दुसऱ्या वर्गातली होती, आणि म्हणून लोलांना सगळे ठाऊक होते.

सगळी मदार केळ्यावर असते, आणि ते केळे साबाच हवे. आखूड, जाडजूड, अंगाला स्पष्ट कंगोरे असलेले, जाड सालीचे हे केळे पहिल्यांदा पाहिले तेव्हा मला ते जरा ओबडधोबड वाटले होते. दक्षिणेकडच्या मिंदानाव बेटावरून जगभर निर्यात होणारी गुळगुळीत कॅव्हेंडिश केळी वेगळी. साबा मुख्यतः देशातच खपतो आणि तिथल्या स्वयंपाकघरात सगळीकडे असतो. तो उकडतात, पाकात शिजवतात, बर्फाच्या चुऱ्यावर घालून खातात, मांसाच्या रश्शात टाकतात. लोला बातांगासच्या असल्यामुळे मारिया ओरोसा हे नाव घरच्या माणसासारखे घेत. बातांगासमधल्या ताल गावच्या या अन्नशास्त्रज्ञ बाईंना केळ्याच्या केचपचे श्रेय दिले जाते. स्थानिक फळे आणि धान्ये यांतून लोकांचे पोट कसे भरेल, यावर आयुष्यभर काम करून त्या फेब्रुवारी 1945 मध्ये मनिलाच्या लढाईत तोफगोळ्याच्या तुकड्यांनी मारल्या गेल्या. लाल रंग दिलेले ते केचप आजही तिथे घराघरांत असते आणि ते केळ्याचे आहे, हे कुणाच्या ध्यानातही नसते.

तुरोनसाठी साबा नेमका किती पिकलेला असावा, यावर लोलांचा एक दिवस खर्च झाला. मी फणी घेऊन दारात उभी राहायची आणि त्या लांबूनच बोट दाखवून ‘हा, हा नको, हा परवा’ असे सांगायच्या. साल पूर्ण पिवळी हवी, तिच्यावर काळे ठिपके पडायला सुरुवात झालेली हवी, पण दाबल्यावर बोट आत जाता कामा नये. कच्चा साबा पिठूळ लागतो आणि जिभेला ओढ देतो. जास्त पिकलेला तेलात पाणी सोडतो, पापुद्रा आतून भिजवून फाडतो आणि मग कढईत साखरेबरोबर तोही करपतो. योग्य पिकलेला साबा चिरल्यावर आतून फिकट सायीच्या रंगाचा दिसतो आणि त्याला अगदी पुसट आंबूस वास येतो. तो आंबूसपणा महत्त्वाचा, कारण पुढे साखरेचा एवढा मारा होतो की त्याच्याशी झगडणारे आत काहीतरी असावेच लागते. राजेळीतही तो असतो. माझे आजोळ आगाशीचे, आणि आजीच्या वाडीत पिकलेली राजेळी सोलून, बांबूच्या तट्ट्यांवर उन्हात सुकवून सुकेळी होत असत. दिवसभर उलथापालथ करायची, कावळ्यांवर लक्ष ठेवायचे, संध्याकाळी दव पडायच्या आत झाकून ठेवायची, आणि पुरेशी आकसून मधाच्या रंगाची झाली की केळीच्याच वाळक्या पानात गुंडाळून सोपटाच्या दोरीने बांधायची. साखरेचा कणही न घालता ती इतकी गोड होत की एकीच्या वर खाववत नसे. ती वाडी आता नाही. तिथे सात मजली इमारत आहे आणि तळमजल्यावर मोबाइलचे दुकान आहे. मनिलाच्या स्वयंपाकघरात साबा सोलताना, जाड साल सुटल्यावर बोटांना लागणारा तो चीक ओळखीचा वाटला आणि पुढचे काही क्षण मी सुरी हातात धरून नुसतीच उभी राहिले, एवढे नोंदवून पुढे जाते.

पापुद्र्याला तिकडे लुम्पिया रॅपर म्हणतात. तो चीनमधल्या फुजियान प्रांतातून आलेल्या होक्कियन लोकांबरोबर आला. त्यांची मनिलातली वस्ती, बिनोन्दो, 1594 मध्ये स्थापन झाली आणि जगातल्या सर्वांत जुन्या चायनाटाउनांमध्ये तिची गणना होते. टाळेबंदीच्या आधी एका बाजारात मी हे पापुद्रे होताना पाहिले होते. माणसाच्या एका हातात मैद्याचा सैल, लोंबणारा, ओलसर गोळा होता. तो गोळा त्याने तापलेल्या सपाट तव्यावर नुसता टेकवला, मनगटाने एक गोल फिरवला आणि तोल जायच्या आत उचलून घेतला. तव्यावर मागे राहिला तो कागदाहून पातळ एक गोल. कडा सुटू लागताच दुसऱ्या हाताने तो सोलून घेतला आणि गोळा पुन्हा खाली टेकला. त्याच्या हातातला गोळा सतत हलत होता, कारण क्षणभर स्वस्थ राहिला असता तर तो बोटांतून गळून पडला असता. हे घरी करण्याच्या भानगडीत मी पडले नाही आणि कुणी पडावे असेही मला वाटत नाही. मला मिळाले ते सुपरमार्केटच्या फ्रीजरमधले चौकोनी पापुद्रे, एकमेकांना घट्ट चिकटलेले. ते पूर्ण वितळू द्यायचे, एका कोपऱ्यातून हलकेच फुंकर मारत सोडवायचे आणि सुटलेले लगेच ओल्या फडक्याखाली ठेवायचे. वाऱ्यावर पाच मिनिटे राहिले की घडीवर तडकतात.

केळे लांबीत दुभागून साखरेत घोळवले की ते काही क्षणांत ओलसर होते, म्हणून घोळवणे आणि गुंडाळणे यांच्यात वेळ जाऊ द्यायचा नाही. पापुद्रा कोपरा आपल्याकडे येईल असा ठेवायचा, त्या कोपऱ्याच्या थोडे वर केळे आडवे ठेवायचे, त्यावर फणसाच्या दोन बारीक फिती. खालचा कोपरा केळ्यावरून घट्ट ओढून घ्यायचा, दोन्ही बाजू आत दुमडायच्या आणि पुढे गुंडाळत जाऊन शेवटचे टोक मैद्याच्या खळीने चिकटवायचे. आत हवा राहिली तर तेलात सुरळी फुगते आणि शिवणीवर उसवते. फणस पिकलेला, पण कोरडा आणि कुरकुरीत गऱ्याचा लागतो, म्हणजे आपला कापा. बरक्याचे इथे काम नाही. फणसाचे मूळ घर पश्चिम घाटाच्या परिसरात असल्याचे मानले जाते. तिथून निघालेले झाड तिथवर कधी आणि कुणाच्या हातून पोचले असेल, याचा विचार करत मी बाटलीतले, पाकातले गरे चिरत होते, कारण टाळेबंदीत ताजा फणस मिळणे शक्य नव्हते. फणसाशिवायही तुरोन होतो आणि रस्त्यावरच्या स्वस्त तुरोनात तो बहुधा नसतोच. तरी माझ्या मते फणसाशिवायचा तुरोन हा केळ्याचा तळलेला प्रकार आहे. खाताना मधेच जो सुगंध नाकाच्या मागच्या बाजूला चढतो, तो गऱ्याचा असतो.

आता साखर, आणि इथेच पदार्थ हातात राहतो किंवा हातचा जातो. घरगुती कृतींमध्ये पाक वेगळा करून वरून ओतायला सांगतात. ते सोपे आहे, आणि त्याने तुरोनवर साखरेचे ओघळ येतात, कवच येत नाही. रस्त्यावरची पद्धत वेगळी. लोलांनी तीच शिकवली आणि त्यावर ठाम राहिल्या. कढईत सुरळ्या बुडतील एवढे खोबरेल घ्यायचे. खोबरेल तेलाच्या निर्यातीत हा देश जगात पहिला आहे आणि तळणीला ते सर्रास वापरतात. माझ्या कोकणी नाकाला त्याचे काही वावडे नव्हते, नवऱ्याच्या देशावरच्या नाकाला होते. तेल मध्यम तापले की सुरळ्या सोडायच्या. त्या नुसत्या पांढुरक्या-पिवळ्या झाल्या की तांबडी साखर मुठीने थेट तेलात भुरभुरायची. साखर तेलात विरघळत नाही. ती आधी तळाला जाऊन बसते आणि काहीच घडत नाही असे वाटते. मग 160 अंशांच्या पुढे कुठेतरी ती वितळते, तळाशी तांबूस थेंब धरू लागतात, आणि तेल हलवले की ते थेंब वर येऊन समोर सापडेल त्याला चिकटतात. समोर सुरळ्याच असाव्यात, म्हणून झाऱ्याने त्या सतत फिरवत राहायचे. पिवळ्याचा तांबूस आणि तांबसाचा तपकिरी व्हायला मिळून एखादे मिनिट लागते. त्या मिनिटात दाराची घंटा वाजली तर वाजू द्यावी. रंग अजून थोडा कमी आहे असे वाटत असतानाच काढायचे, कारण बाहेर आल्यावरही आतल्या उष्णतेने साखर गडद होत राहते, आणि पुढची पायरी कडूपणाची आहे.

काढल्यावर कागदावर मुळीच ठेवायचे नाहीत. आपल्याकडे तळलेले काहीही कागदावर टाकायची सवय. तुरोन कागदावर टाकला तर कागदासकट खावा लागतो. चाळणीत, एकमेकांना न लागता, उभे टेकवून ठेवायचे. पहिले काही क्षण साखर ओली चकाकते, मग चाळणीतून बारीक कडकड ऐकू येऊ लागते आणि तिची काच होते. या काचेसाठी साधी पांढरी साखर चालते, परंतु चव तांबडीची. ती बहुतांशी नेग्रोस बेटावरून येते, आणि तिथला ऊस सहकारी कारखान्यांचा नाही, मुख्यतः हासिएंदांचा, म्हणजे मोठ्या जमीनदारांच्या मळ्यांचा आहे. 1980 च्या दशकात साखरेचे भाव कोसळले तेव्हा त्या बेटावरच्या ऊसतोड मजुरांची मुले उपासमारीने मेली. लोलांना ते दिवस आठवत होते. साखर भुरभुरताना त्या नेहमी ‘पुरे, पुरे’ म्हणत, ते तब्येतीच्या काळजीने की जुन्या सवयीने, हे मी विचारले नाही.

घरचा तुरोन चांगला झाला. फणस भरपूर, तेल ताजे, केळे अर्धे. तरीही खाताना काहीतरी खटकत होते, आणि ते चवीत नव्हते. पहिला घाणा दुपारी झाला, तो आम्ही उभ्यानेच संपवला. दुसरा घाणा संध्याकाळच्या चहासाठी ठेवला. मनिलाच्या हवेत एवढा ओलावा असतो की दोन तासांत साखरेच्या कवचाला पाझर सुटला, पापुद्रा मऊ पडला आणि चाळणीला चिकटलेले तुरोन सुरीने सोडवावे लागले. डब्यात घालून, फ्रीजमध्ये ठेवून, पुन्हा गरम करून, सगळे उपाय करून पाहिले तरी ते कुरकुरीतपण परत येत नाही. दीडनंतर तळायचे, तीनला मांडायचे, साडेचारच्या आत संपवायचे, असा त्या पदार्थाचा जन्मच मुळी मोजलेला आहे. आते सकाळी केळी घेतानाच कोण कोण येणार आहे ते धरून केळी घेत असली पाहिजे. तिच्या पाटीत ‘उरलेला’ माल असा नव्हताच. मला जे उरलेले दिसत होते, ते ज्याच्या त्याच्या नावाचे होते. घरात ही मोजणी करता येत नाही. घरात आपण जास्तच करतो, कारण एवढा पसारा मांडून सहाच करायचे, हे जिवावर येते.

पुढच्या वर्षी, 14 एप्रिल 2021 रोजी, मनिलाला लागूनच्या केझोन सिटीतल्या मागिन्हावा रस्त्यावर एका तरुणीने बांबूची छोटी गाडी उभी केली. तीत तांदूळ, भाज्या, डबाबंद मासळी ठेवली आणि वर पुठ्ठ्यावर लिहिले: कुवतीप्रमाणे द्या, गरजेप्रमाणे घ्या. आठवड्याभरात देशभर अशा गाड्या आणि टेबले उभी राहिली. आमच्या गल्लीतही एक आले. लोलांच्या हुकुमावरून मी तिथे ताटभर तुरोन नेऊन ठेवले. ते कुणी आधाशासारखे उचलतील अशी माझी अटकळ होती. रांगेतल्या बायकांनी एकेकच उचलला, आणि एकीने तर ताटाकडे पाहून, मागची रांग पाहून, अर्धा मोडून घेतला. हे पाहताना कोपऱ्यावरचा तो जुना नकार मला आठवला, आणि त्याच्यामागे फक्त हप्ता होता असे मानणे आणखी कठीण झाले.

आते परत आली ती निर्बंध सैल झाल्यावर. 15 पेसोंचा तुरोन 20 चा झाला होता आणि पूर्वीपेक्षा चांगलाच बारीकही. मोटरसायकलही परत आली होती. मी एकदा घरी केलेला तुरोन तिच्यासाठी घेऊन गेले. तिने तो आधी उजेडात धरून फिरवून पाहिला, शिवण नखाने चाचपली, मग एक घास घेतला. साखर कधी टाकली, किती वेळाने हलवली, तेल कोणते, असे तिचे नेमके प्रश्न सुरू झाले. मग तिने उरलेला अर्धा कागदात गुंडाळून पाटीखाली ठेवला आणि निकाल दिला: ‘‘चांगला आहे, मॅम. पण याला केळं फार लागलंय.’’ तिने स्वतः एका केळ्याचे दोनाऐवजी तीन भाग करायला सुरुवात केली होती. 2022 मध्ये साखर महागली, पांढरी तर किलोला 100 पेसोंच्या घरात गेली, तेव्हा तिच्या तुरोनचा रंग थोडा फिकाही झाला. गिऱ्हाइके कुरकुरली, पण येत राहिली.

आम्ही आता वसईला परतलो आहोत. साबा इथे मिळत नाही, राजेळी मिळते, आणि तिच्याने काम भागते. किंबहुना ती जरा जास्तच मिजासखोर आहे, तेलात अजिबात विरघळत नाही आणि साखरेलाही दाद देत नाही. फणस मेमध्ये कापा पाहून घ्यावा, एरवी गोठवलेल्या गऱ्यांवर भागवावे. पापुद्रे स्प्रिंग रोलचे चालतात. समोशाची पट्टी अरुंद पडते. तांबड्या साखरेऐवजी गूळ घालायचा मोह होतो. तो टाळावा, कारण गुळात ओल असते, तेल उडते, आणि तो रंग धरायच्या आधी करपतो. देशी खांड त्यामानाने बरी. घरात सर्वांना तुरोन आवडतो, लहान मुलांना तर फारच. परवा वहिनी म्हणाली, ‘‘अहो, हे स्टेशनबाहेर विकायला ठेवलं तर?’’ मग ती पाठकोऱ्या कागदावर हिशेब मांडून बसली. राजेळीचा डझनाचा भाव, पापुद्र्यांचे पाकीट, फणस, साखर, एकदाच वापरायचे तेल, गॅस, आणि दोघींची दुपार. दोघींच्या दुपारची किंमत काहीच न धरता एक नग 30 रुपयांच्या आत बसेना. फणस काढून पाहिला, केळ्याचे तीन भाग करून पाहिले, तेल दोनदा वापरायचे ठरवले, तेव्हा कुठे तो 20 च्या खाली आला. ‘‘आणि एवढं करून,’’ कागदाची घडी घालत ती म्हणाली, ‘‘तिथे गरम वडापाव समोर असताना केळं कोण खाणार, ते सांगा.’’ यावर माझ्याकडे उत्तर नव्हते. तो फणसाशिवायचा, तीन भागांचा तुरोन आम्ही तरीही एकदा करून पाहिला. मुलांना फरक कळला नाही.